अंदमानचा डोंगर आणि शिपाईमामांची शेळी

प्रिय आण्णा,

उद्या सकाळी शाळेच्या मैदानात मातीचा भारत करायचा आहे. तुम्ही गेल्यापासून तो झालाच नव्हता. यंदा मी मुरगूडला तुमच्याच शाळेत भूगोल शिकवायला लागले, म्हणजे हे काम माझ्याकडं येणारच होतं. पण त्याआधी पंधरा वर्षं पोटात ठेवलेलं एक तुम्हाला सांगून टाकते.

इतर पोरं दिवाळीत किल्ला करायची, तुम्ही परीक्षा संपल्यावर अख्खा देश करून घ्यायचात. प्रत्येकानं घरच्या शेतातली पाटीभर माती आणायची. सह्याद्रीला तांबडी, हिमालयावर चुना. मग एकेकाला एकेक डोंगर वाटायचा आणि ज्याचा त्यानं कोंबड्यांपासून राखायचा. तुम्ही स्वतः जोतिबाच्या पलीकडं डोंगर पाहिला नव्हता, पण नंदादेवी घडवताना बोट कधी अडखळलं नाही.

एक्क्याण्णवच्या उन्हाळ्यात मी सातवीत होते. मला कांचनजंगा हवं होतं. ते तुम्ही वर्गातल्या सुमनला दिलंत, आणि पोटच्या लेकीला काय? अंदमानच्या समुद्रातलं बॅरन बेट. मूठभर चिखल!

"बारका हाय, पण ज्वालामुखी हाय," तुम्ही म्हणालात. "झोपलाय. ध्यान ठेव त्येच्यावर."

मला इतका राग आला होता. सगळे गेल्यावर मी त्याच्यावर पाय दिला आणि घरी आले.

चारच दिवसांनी तुम्ही पेपर घेऊन धावत आलात. "पोरी, तुजा डोंगर उठला की! धूर सोडाय लागलाय!" हाताला धरून मला मैदानात नेलंत, तर तिथं चपटा चिखल. कुणी मोडला विचारलंत, मी शिपाईमामांच्या शेळीचं नाव घेतलं.

तुम्ही वाकून बघितलंत. माझ्या चपलेचा ठसा तिथं अजून होता.

"बरं. शेळीला सांग, नवा करून ठेव म्हणावं."

का नाही रागावलात, आण्णा? एक धपाटा घातला असतात तर मी तिथंच कबूल केलं असतं. तो डोंगर मी केलाच नाही. पावसात सगळा देश वाहून गेला, तेव्हा सुटल्यासारखं वाटलं. खरं तर सुटले नव्हते.

आज वर्गात डोंगर वाटले. बॅरन बेट कुणालाच नको होतं. मला हसू आलं आणि तुमची फार आठवण आली. ते मी माझ्याकडंच ठेवलंय. उद्या पोरं यायच्या आधी पहिली पाटी तिथं ओतेन, आपल्या मळ्यातल्या मातीची. मग पोरांना सगळं खरं सांगेन, हा शब्द.

तुमची,
शेळी