दोन पर्सेफोनी आणि एक पुस्तक

अथेन्स,
५ फेब्रुवारी १९८४

प्रिय पेर्साताईस,
सा. न. वि. वि.

सोबतचं पुडकं तू पत्राच्या आधीच उघडलं असणार, तुझा स्वभाव मला ठाऊक आहे. तेव्हा आता ग्लासभर पाणी पी आणि मग पुढे वाच.

हो, मी पुस्तक लिहिलं. हो, त्यात आजी आहे. आणि हो, त्याचं नाव ‘पर्सेफोनी’ आहे. मी दुसरी चार नावं सुचवली होती, पण प्रकाशकाने एकही मनावर घेतलं नाही. पुराणातलं नाव असल्याशिवाय इथले दुकानदार हल्ली पुस्तक खिडकीत मांडतच नाहीत. परवा वजन कमी करण्यावरचं एक पुस्तक पाहिलं, त्याचं नाव ‘टँटलसचं ताट’, म्हणजे जेवण समोर आणि हात लावायचा नाही! शेजारी घटस्फोटाच्या कायद्यावरचं, ते ‘मेडियाचा वकील’, म्हणजे नवऱ्यावर सूड उगवणारीचा! या गर्दीत निदान माझ्या पुस्तकातली बाई तरी खरोखरची पर्सेफोनी आहे. पुराणातली सहा महिने जमिनीखाली नवऱ्याकडे आणि सहा महिने वर आईकडे राहायची. आपली आजी सहा महिने खाली अव्लोनाच्या शेतावर सासूबरोबर राबायची आणि सहा महिने वर गावात. मला वेगळं काही जुळवावंच लागलं नाही.

तुझंही पुस्तक याच नावाचं व्हायचं आहे, हे मला माहीत आहे. पण तू देवीवर लिहिते आहेस आणि मी आजीवर, तेव्हा दोघींना जागा आहे असं मी धरून चालते. ऑगस्टमध्ये पानाइयाच्या, मेरीमातेच्या जत्रेला निकितासच्या कॉफीखान्यात पुस्तकाचा छोटासा समारंभ करावा अशी फार इच्छा आहे. अशा वेळी लेखकाने गप्प बसायचं आणि दुसऱ्याने पुस्तकाबद्दल बोलायचं असतं. तू बोलशील का? तुझ्याइतकं चांगलं कोण बोलणार?

मावशीला नमस्कार. रागावलीस तरी पत्र लिही, अबोला मात्र धरू नकोस.

तुझी,
फोनी

ऑलिंपोस, कार्पाथोस,
१ मार्च १९८४

चि. फोनी हिस,
अनेक आशीर्वाद. ते द्यायची रीत आहे म्हणून देते.

पुस्तक मिळालं. पाणी प्यायले. काही उपयोग झाला नाही.

गेली कित्येक वर्षं मी ‘पर्सेफोनी’ लिहिते आहे हे या गावात शेळ्यांनासुद्धा माहीत आहे. लग्न असो, बारसं असो, कोणीतरी मला पुस्तक कुठवर आलं म्हणून विचारतंच. तुझ्या साखरपुड्यात मी शेवटच्या प्रकरणाबद्दल बोलले होते, तेव्हा तू माझ्या शेजारी बसून बदाम खात होतीस. आता माझं पुस्तक आलं की लोक काय म्हणतील? धाकट्या बहिणीची नक्कल केली म्हणतील! तुला नावच हवं होतं तर त्या डोक्यावर साप असलेल्या मेदूसाचं घ्यायचं होतंस, शोभलं असतं.

समारंभात मी बोलावं म्हणतेस. काय बोलू? आजी मकारूनेसच्या शेवयांवरचा कांदा पार काळपट होईपर्यंत परतायची आणि तुझ्या पुस्तकात तो सोनेरी आहे, हे बोलू? की आजीचं नाव पहिल्यांदा मला ठेवलं आणि मागाहून तुझ्या आईने हट्टाने तुला ठेवलं, हे बोलू? तुझं पुस्तक मी एका बैठकीत वाचलं. वाईट असतं तर बरं झालं असतं. दोन दिवस शाळेत मुलांवर उगाच खेकसले, ते पाप तुझ्या माथी.

मी बोलणार नाही. समारंभ होणार नाही. आईला तू लिहिलेला नमस्कार सांगितला. तिने पुस्तक उशाशी ठेवलं आहे, त्याचाही मला राग आला आहे.

राग उतरला की लोभ कळवीन. तोवर तब्येतीला जप.

पेर्सा

अथेन्स,
२५ मार्च १९८४

प्रिय पेर्साताईस,
सा. न. वि. वि.

तुझं पत्र आलं. अगदी भाजून निघाले.

आता मीही मनातलं बोलते. पर्सेफोनी हे नाव काय तुझ्या हुंड्यात आलं होतं? तसंही सरकारने हुंडा गेल्या वर्षी बंद केला, आपल्या गावाला अजून कळायचं आहे इतकंच. गावाची रीत अशी की थोरल्या मुलीला सगळं आणि धाकटीला आशीर्वाद. आजीचं घर तुझ्या आईला मिळालं, तिच्या मागून ते तुझं. शेत तुझं, ऑलिव्हची झाडं तुझी, सणाला छातीवर मिरवायची सोन्याची नाणी तुझी. माझी आई सख्खी बहीण असून थोरलीच्या घरी पाणी भरायची, लाकडं आणायची आणि तुझी लंगोटी धुवायची. पगार नव्हता, कारण घरच्याच माणसाला कोण पगार देतं? मग एक दिवस ती बोटीत बसली आणि अथेन्सला आली. मला आजीकडून मिळालं ते फक्त नाव. तेवढ्याचं मी पुस्तक केलं तर तुझ्या पोटात दुखलं!

मला तुझा हेवा किती वाटायचा सांगू? उन्हाळ्यात यायचे तेव्हा बायका तुला बघून उठून उभ्या राहायच्या, कारण घराण्याची थोरली. माझ्याकडे पाहून विचारायच्या की ही कोणाची. दरवर्षी विचारायच्या.

आणि तुझं पुस्तक आहे कुठे, ताई? एक तरी पान दाखव. त्याचं नाव पेनेलोपी ठेव, तेच बरं. दिवसा विणायचं आणि रात्री उसवायचं.

निकितासच्या पत्त्यावर विक्रीसाठी काही प्रती पाठवल्या आहेत. समारंभ होवो न होवो, त्या तरी फळीवर राहू देत.

भांडून झालं की माया करतेस, हे लहानपणापासून पाहिलं आहे. त्याच भरवशावर पत्र टाकते.

फोनी

ऑलिंपोस,
१८ जून १९८४

चि. फोनी हिस,
अनेक आशीर्वाद.

उत्तराला उशीर झाला. शाळेच्या परीक्षा होत्या. तुझ्या पत्रातलं बरंचसं मी पोटात घातलं आहे. मावशीच्या कष्टांबद्दल लिहिलंस ते खरं आहे, पण ती रीत मी घातलेली नाही.

तुझ्या प्रती निकितासकडे पोचल्या आणि संपल्यासुद्धा. गावात सगळीकडे पुस्तकाचीच चर्चा आहे. सोफिल्ला अव्लोनाला जाताना पुस्तक गाढवाच्या खोगिरात घालून नेते. रिगोपूलाने परवा भट्टीतला पहिला गरम पाव माझ्या घरी आणून दिला. शेजारपाजारहून चीज येतं, मध येतो. नको म्हटलं तरी ऐकत नाहीत. निकितास कॉफीचे पैसे घेत नाही. एकूण गावाला मोठा अभिमान वाटतो आहे आणि मीसुद्धा अलीकडे बरी झोपते.

मात्र तू यंदा जत्रेला येऊ नयेस असं मला मनापासून वाटतं. बोटीत पाय ठेवायला जागा नसते, ऊन मरणाचं, आणि घराचं छप्पर दुरुस्तीला काढायचं म्हणते आहे. तुझी गैरसोय झालेली मला बघवणार नाही. पुढच्या वर्षी निवांत ये, मी स्वतः बंदरावर उतरवून घेईन.

कांद्याबद्दल बोलले ते विसर. सोनेरीही चालतो.

माया पूर्वीइतकीच आहे, ती दुरूनच घे.

पेर्सा

अथेन्स,
२० ऑगस्ट १९८४

पेर्साताई,

नमस्कार.

छप्पर जागेवर होतं.

तू नको म्हणालीस म्हणूनच मी आले. जत्रेच्या आदल्या दिवशी पोचले आणि सामान घेऊन वर चढले, तर भट्ट्यांपाशी सगळ्या बायका पाव भाजत होत्या. सोफिल्लाने मला थांबवून विचारलं की तू कोणाची गं. मी आईचं नाव सांगितलं. त्यांनी बसवलं, पाणी दिलं, आणि मग मोठ्या कौतुकाने सांगितलं की या वर्षी गावात फार मोठी गोष्ट झाली, आमच्या पेर्साने पुस्तक लिहिलं. सोफिल्लाने हात पुसून पुस्तक दाखवलं. पहिल्या पानावर तुझ्या फळ्यावरच्या वळणदार अक्षरात लिहिलं होतं, सोफिल्लाला प्रेमपूर्वक, पर्सेफोनी. गावात आडनाव कोण बघतो? ‘पर्सेफोनी’ लिहिणारी पर्सेफोनी म्हणजे तूच, हे तू सगळ्यांना इतकी वर्षं सांगितलेलंच होतंस.

तेवढ्यात तू डोक्यावर पावांची फळी घेऊन आलीस. मला पाहून तुझा चेहरा पिठासारखा पांढरा झाला. सोफिल्लाने पुन्हा विचारलं, या वेळी तुझ्याकडे बघून, की ही कोणाची. तू म्हणालीस की मावशीची मुलगी, जत्रेला पाहुणी आली आहे. पाहुणी!

मी का बोलले नाही, याचा बोटीत रात्रभर विचार केला. तुझी लाज राखायची म्हणून नव्हे, एवढा मोठेपणा माझ्यात नाही. त्या बायका तुझ्याकडे ज्या डोळ्यांनी बघत होत्या ना, तसं अथेन्समध्ये माझ्याकडे कोणी पाहिलेलं नाही. इथे परीक्षणं आली, छान आली, पण गाढवाच्या खोगिरात माझं पुस्तक कोणी घातलं नाही. मी तिथे खरं सांगितलं असतं तर त्यांनी मला शाबासकी दिली असती आणि अंतर ठेवलं असतं. ते डोळे तुझ्यासाठीच होते. मला तुझा फार हेवा वाटला.

घर घेतलंस, आता पुस्तकही घे.

लोभ संपला असं लिहायला हात धजत नाही, म्हणून इथेच थांबते.

फोनी

ऑलिंपोस,
३० सप्टेंबर १९८४

माझी फोनी,

आशीर्वाद द्यायची माझी लायकी राहिली नाही, तेव्हा नमस्कारच घे.

पहिल्यांदा रिगोपूलाने सहीसाठी पुस्तक पुढे केलं तेव्हा मी नाही म्हणणार होते. पण सही करायची ती नावाची आणि नाव तर माझंच, अशी मी स्वतःची समजूत घातली. नंतर गोडी लागली. दुसऱ्याच्या ताटातलं इतकं गोड लागतं हे मला माहीत नव्हतं.

तुझं पत्र आल्यावर शनिवारी भट्ट्यांवर गेले आणि सगळ्यांसमोर सांगितलं की पुस्तक मी लिहिलेलं नाही, फोनीने लिहिलं आहे. मला वाटलं, आता गदारोळ होईल. कोणी मानसुद्धा वर केली नाही. रिगोपूला निखारे सारत राहिली. सोफिल्ला म्हणाली की आम्हाला जूनपासून माहीत आहे.

कसं काय, म्हणून विचारलं. तर ती म्हणाली की पुस्तकातली पोर रात्री जमिनीवर पडून वर, घरच्यांच्या निजायच्या उंच लाकडी माच्याकडे बघते, आणि तिला वर निजलेल्यांच्या टाचा दिसतात. पेर्सा, तू जन्मापासून माच्यावर निजलीस, उन्हाळ्यात येऊन खाली निजायची ती फोनी, तुला टाचा कुठून दिसणार? वर म्हणाली की तू शाळेत शिकवतेस म्हणून आम्हाला वाचता येत नाही असं समजू नकोस.

मग माझ्या सह्या का घेतल्या, चीज का आणलं, असं विचारलं. रिगोपूलाने सांगितलं की इतकी वर्षं पुस्तक येणार, येणार म्हणतेस, आम्हाला वाईट वाटायचं. एकदाचा तुला आनंद होऊ दे म्हटलं. फोनी, तुला वाटलं ते कौतुकाचे डोळे होते. ती कीव होती गं. तू माझ्या कीवेचा हेवा केलास.

आणि ऑगस्टमध्ये तू वळणावर दिसलीस तेव्हाच त्यांनी तुला ओळखलं होतं. तू कोणाची हे त्यांना ठाऊक होतं, तुझ्यासमोर माझं कौतुक केलं ते माझी अब्रू राखायला. सोफिल्लाने दुसऱ्यांदा विचारलं ते तुझ्यासाठी नव्हतंच. ते मी सांगावं म्हणून विचारलं होतं. आणि मी पाहुणी म्हणाले.

एक पान दाखव म्हणाली होतीस. पान नाही. कधीच नव्हतं. माझ्याकडे नाव तेवढं होतं.

नाताळात ये. या वेळी वर माच्यावर तू नीज, मी खाली अंथरूण घालते. यात माझा मोठेपणा नाही, उगाच डोळ्यांत पाणी आणू नकोस. खालून काय दिसतं ते मला बघायचं आहे. तेवढंसुद्धा तुझ्याकडे होतं आणि माझ्याकडे नव्हतं, म्हणून अजून जळते आहे. तरी ये.

तुझी,
जिने काहीही लिहिलं नाही ती,
पेर्सा