कोर्टाच्या हुकमातला हस्तक

विहीणबाईंना दोन्ही हात जोडून नमस्कार (एका हातात पेन आहे, तेवढं सांभाळून घ्या). तुमचे गुडघे काय म्हणतात? माझे आहेत तसेच, बसले की उठू देत नाहीत आणि उठले की बसू देत नाहीत. सूनबाई म्हणत होती, तुम्ही सांगा, मी लिहून देते. पण दुसऱ्याच्या हातून लिहायचं म्हटलं की माणूस उगीच शहाण्यासारखं बोलतो, म्हणून माझ्याच वेड्यावाकड्या अक्षरात लिहिते आहे. काना-मात्रा तुमच्या पदरच्या घाला.

अर्धी हकीकत तुमच्या चिरंजीवांनी सांगितली असेलच, उरलेली अर्धी माझ्याकडे आहे. माझ्या मुलाचं काचेचं दुकान आणि आपले जावईबापू हमालांच्या संघटनेचे मुकादम. (सोयरीक जुळवताना तुम्हीच म्हणाला होतात, "दोघांचे धंदे एकमेकांना धरून आहेत." धरलं की हो, गळ्यालाच!) संघटना म्हणते, या रस्त्यावर गाडी आली की माल आमचीच माणसं उतरवणार. मुलगा म्हणतो, काच म्हणजे पोतं नव्हे, मागच्या खेपेला निम्मे आरसे फुटले, आता माझी माणसं उतरवतील. त्यावर संघटना म्हणाली, उतरवा, आम्ही उभं राहून बघू, पण मजुरी आम्हालाच द्या. बघण्याची मजुरी! मी जन्मभर खिडकीत बसून बघते आहे, मला कुणी फुटकी कवडी दिली नाही. मुलगा नाही म्हणाला, तशी माणसं गाडीपुढे आडवी बसली. भरल्या गाड्या परत जाऊ लागल्या, गिऱ्हाईक तुटलं, आणि मुलगा दुकान विकायची भाषा बोलू लागला. शेवटी गेला कोर्टात. त्या दिवसापासून जावईबापूंनी आमचं दार सोडलं आणि तुमच्या सुनेनंही (लेक माझी, पण वळण तुमचं, नवऱ्याला सोडून यायची नाही). बाळाला मी पालथं पडताना पाहिलं होतं, बसतं झालेलं पाहिलंच नाही.

तर कोर्टानं आम्हाला पोलीस दिले. हवालदारानं दुकानाच्या दारापुढे खडूनं रेघ ओढली आणि हुकूम मोठ्यानं वाचला: संघटनेचे सभासद व त्यांचे हस्तक यांना आत मज्जाव. हस्तक म्हणजे हातांवर चालतं ते, रांगतं मूल, दुसरं काय असणार? जावयाला अडवलंत ते ठीक, पण न्यायाधीशासारख्या मोठ्या माणसानं लेकराला असं नाव घेऊन अडवावं? हवालदाराला मी तसं सुनावलंही. तो मिशीत हसला. म्हणाला, "आजी, हस्तक म्हणजे त्यांच्या वतीनं काम करणारा." म्हटलं, मग बाळाला सोडा, ते कुणाचंच काम करत नाही.

आणि बोलाफुलाला गाठ पडली बघा. दुपारी तुमची सून नवऱ्याचा डबा घेऊन आली, कडेवर बाळ. इकडे काच उतरत होती, तिकडे जावईबापू माणसांना घेऊन रेघेपलीकडे उभे. तिनं डबा सोडायला बाळाला खाली ठेवलं मात्र, ते निघालं रांगत, पोटानं रेघ पुसत, सरळ आत! समोरून मुलगा आणि त्याचा गडी दाराएवढी काच धरून येत होते. जावईबापू धावले ते रेघेशी थबकले.

"दाजी, उचला त्याला!"

"हुकूम तूच आणलायस ना?"

"हुकूम गेला खड्ड्यात, आत या आधी!"

जावईबापूंनी हवालदाराकडे पाहिलं. हवालदारानं पाठ फिरवली आणि रिकामा रस्ता निरखायला लागला. मग ते आत आले, बाळाला उचललं आणि दुकानात बसलेल्या माझ्या मांडीवर दिलं. अहो, दोन दात आलेत की! मला कुणी सांगितलंच नाही.

तेव्हापासून डबा रोज येतो आणि बाळही. चहा मी रेघेवरून हात लांबवून देते. काल कप परत देताना जावईबापू म्हणाले, "आई, आज काच हातची गेली, उद्या लाकूड जाईल. माझ्या माणसांच्या पाठी वाकल्यात, त्यांना मी काय सांगू?" मी ते मुलाच्या कानावर घातलं. तो कितीतरी वेळ एकच आरसा पुसत बसला. विहीणबाई, दोघंही खरं बोलतात, हीच पंचाईत आहे. एक जरी खोटा असता तर कोर्टाचं काम किती सोपं होतं! आता मुलगा म्हणतो, तुमची दोन-तीन माणसं द्या, काच धरायला शिकवतो, मजुरी कामाची देतो, बघण्याची नाही. बोलणी चालू आहेत. देव त्यांना लवकर सुबुद्धी देवो.

तुमची,
विहीण

ता. क. लवकर म्हणजे अगदी लवकर नको. समेट झाला की जावईबापू दारात कशाला उभे राहतील, डबा कशाला येईल आणि बाळ तरी कुणाबरोबर येईल? तेव्हा चिरंजीवांना म्हणावं, जरा दमानं घ्या, आई सांगते म्हणून थोडं ताणून धरा.

आणखी ता. क. वरचं खोडा. मुलाच्या डोळ्याखालची काळी वर्तुळं बघितली आणि माझीच मला लाज वाटली. शिवाय आज बाळ रेघेवर उभं राहिलं, एक पाय तिकडे, एक इकडे. म्हणजे आता ते हस्तकही राहिलं नाही. मग तुम्हीच हुकूम काढा आणि लेकीला बाळासकट चार दिवस माहेरी पाठवा, डब्याशिवाय. रेघ मी पुसून ठेवते. हवालदाराला विचारलं आहे, तो म्हणाला, मी बघत नाही, आणि न बघण्याची मजुरीही मागत नाही.