अँब्रोजची शिट्टी मुकी झाली त्याची हकिकत

गॉस्पोर्ट,
ईस्टरनंतरचा मंगळवार

प्रिय गसीवन्संना,

हेस्टरचा नमस्कार, आणि तुमच्या गुडघ्यांना वेगळा नमस्कार, कारण मागच्या पत्रात तुमच्यापेक्षा त्यांच्याबद्दलच जास्त मजकूर होता. हॅलिफॅक्सला अजून बर्फ आहे म्हणता. इथे बर्फ नाही, पण ओल इतकी आहे की मिठाची बरणी पालथी केली तरी मीठ खाली यायला तयार नसतं. तुम्ही पाठवलेला मेपलचा पाक पोचला. तुमचे बंधुराज तो लापशीवर घेतात, पावावर घेतात, आणि मी बघत नाही असं वाटलं की नुसत्या चमच्यानंही घेतात. (हे पत्र पाकिटात जाण्याआधी नेहमीप्रमाणे ते वाचणार. वाचा म्हणावं. बरणीची पातळी मला दिसते.)

माझी कंबर बरी आहे, मांजर बरं आहे. यांची प्रकृती उत्तम, फक्त कानांचं एक प्रकरण झालं, आणि तेच सांगायला ही चार पानं काढली आहेत. पण त्याआधी त्या शिट्टीबद्दल लिहायला हवं.

लग्न होऊन या घरात आले तेव्हा तुम्ही मला बाजूला घेऊन म्हणाला होतात, "हेस्टर, माझा भाऊ अँब्रोज बोसन आहे, जहाजावरच्या खलाशांचा मुकादम. खलाशांना तो तोंडानं हाका मारत नाही, शिट्टीनं मारतो. घरीही तसंच करील. सवय कर." मी हसले होते. वन्सं, मी हसायला नको होतं. हे नोकरीत होते तोवर निदान सुट्टीपुरतंच होतं. निवृत्त झाल्यापासून या घरात सकाळी उठायची शिट्टी, जेवायची शिट्टी, आणि रात्री दिवे मालवून गप्प पडायची शिट्टी. समोरच्या मिसेस ग्रिगनं तर घड्याळ दुरुस्तीला टाकलं ते परत आणलंच नाही. म्हणाली, "तुमचा नवरा आहे की."

जेवायला पाहुणे आले की सूप निवेपर्यंत शिट्टीचा इतिहास. जुन्या काळी वल्ह्यांच्या जहाजांवर गुलाम शिट्टीच्या तालावर वल्ही कशी मारायचे. दर्याच्या सेनापतीच्या गळ्यात मानचिन्ह म्हणून सोन्याची शिट्टी कशी असायची. वादळात माणसाचा आवाज डोलकाठीच्या टोकापर्यंत पोचत नाही, पण शिट्टीचा पोचतो, म्हणून जहाजावर साध्या खलाशानं ओठांनी शीळ घालायची नाही, हुकुमाचा घोटाळा होईल. (आचाऱ्याला मात्र मुभा असायची. तो शीळ घालतोय तोवर मनुके खात नाही, एवढं तरी कळतं.) मोठा अधिकारी जहाजावर चढताना शिट्टी वाजवून मान देतात ना, त्याचं मूळ काय, तर खवळलेल्या समुद्रात या मंडळींना पाळण्यात बसवून दोरानं वर ओढावं लागे आणि ओढणाऱ्यांना शिट्टीनं सांगत, ओढा, ओढा, आता थांबा. "जितका मोठा हुद्दा, तितकं मोठं पोट, आणि तितके जास्त ओढणारे," असं म्हणून हे स्वतःच हसतात. ही गोष्ट मी इतक्यांदा ऐकली आहे की यांच्या आधी हसून मोकळी होते.

पण खरं सांगू का? त्या शिट्टीवर माझा जीव आहे. पूर्वी जहाज परत यायचं तेव्हा आम्ही सगळ्या बायका बंदराच्या तोंडाशी त्या गोल बुरुजावर जाऊन उभ्या राहायचो. कठड्याशी ओळीनं उभे सगळे पुरुष, सगळ्यांचे कपडे एकसारखे, सगळे मुंगीएवढे. बाकीच्या डोळ्यांवर हात धरून नवरा शोधायच्या. मी डोळे मिटून उभी राहायची. पाण्यावरून शिट्टी यायची, आणि शेवटचा स्वर सोडता सोडता जरासा वर उचलायची यांची जी खोड, ती ऐकू आली की मी सरळ घरी यायची आणि बटाटे उकडायला टाकायची. नवरा आला आहे हे मला कळलेलं असायचं. एकदा मोठ्या युद्धात जहाज आठवडाभर उशिरा आलं. त्या दिवशी बटाटे टाकायचं मला सुचलं नाही. बुरुजाच्या पायरीवरच बसून राहिले.

तर या हिवाळ्यात हे म्हणायला लागले की शिट्टी बसली. आधी आवाज बारीक झाला म्हणाले, मग चिरका, आणि फेब्रुवारीत एका सकाळी जाहीर केलं, "हेस्टर, शिट्टी मेली."

मी म्हटलं, "अहो, मला तर नीट ऐकू आली."

"तू स्वयंपाकघरातून काय ऐकतेस? तुला किटलीचा आवाज आला असेल."

मग उपाय सुरू झाले. सोडा घालून ती माझ्या अंड्याच्या पातेल्यात उकळली. व्हिनेगरमध्ये बुडवली. तिच्या नळीत कबुतराचं पीस घातलं. शेवटी पोर्ट्समथच्या चांदीवाल्याला दाखवायची ठरली, आणि आम्ही दोघं सकाळच्या फेरीबोटीत बसलो. बोट गोदीत कामावर जाणाऱ्यांनी भरलेली, सायकलीला सायकल लागलेली, त्यात निम्मे आजी-माजी नौसैनिक. मध्यावर आल्यावर हे म्हणाले, "मोकळ्या हवेत एकदा बघतो." आणि मी नको म्हणायच्या आत यांनी 'स्तब्ध'ची शिट्टी मारली.

वन्सं, माझ्या कानाचे पडदे फाटले. आणि सगळी बोट जागच्या जागी थिजली. माणसं सायकली सोडून ताठ. सायकली एकीवर एक कोसळल्या, त्यांना धरायला कुणी हलेना. एकाच्या हातात चहाचा पेला, ओठांपासून चार बोटांवर. धक्का जवळ आला, पण दोर फेकायचा तो गडीही हातात दोर धरून पुतळा! 'चालू द्या'ची शिट्टी झाल्याशिवाय हलायचं नाही, हे त्या सगळ्यांच्या हाडात मुरलेलं. आणि हे? यांना वाटलं, पाण्यावरून कुणाची तरी अंत्ययात्रा चालली आहे. यांनीही टोपी काढून छातीशी धरली, आणि माझ्याकडे वळून हळूच म्हणाले, "बघितलंस? एक चिरकसुद्धा नाही."

तेव्हा मला कळलं.

बोट धक्क्यावर धाडकन आदळली. मी ओरडले, "चालू द्या, बाबांनो, चालू द्या!" मग जो गोंधळ आणि ज्या शिव्या झाल्या, त्या मी नणंदेला लिहिणार नाही.

चांदीवाल्यानं शिट्टी फिरवून फिरवून पाहिली. "हिला काही झालेलं नाही," म्हणाला. हे त्याला भामटा म्हणून बाहेर पडले. त्याच आठवड्यात आमंत्रण आलं. यांचं जुनं जहाज 'थॉर्नबरी' भंगारात निघालं होतं. निशाण उतरवायचं, यांच्या जुन्या कॅप्टननी, विंटरबोर्ननी, शेवटचं खाली उतरायचं, आणि त्यांना मानाची शिट्टी कुणी द्यायची, तर यांनी, म्हणजे बोसन पेनफोल्डनं. यांनी पत्र वाचलं आणि घडी घालून ठेवलं. "मुकी शिट्टी घेऊन कुठं जाऊ? नाही कळवून टाक."

मी बटाट्याची सुरी खाली ठेवली आणि सांगून टाकलं. शिट्टी बरी आहे. तुमचे कान गेले आहेत. सगळे नाहीत, मी बोलते ते येतं, वरचे बारीक आवाज येत नाहीत. चिमण्यासुद्धा तुम्हाला कधीपासून ऐकू येत नाहीत, मी बघते आहे.

मला वाटलं आता आरडाओरडा. पण म्हणाले, "म्हणजे ती वाजते?"

"वाजते."

"रोज वाजत होती?"

"सगळ्या गल्लीला विचारा."

यांनी शिट्टी खिशातून काढून तळहातावर धरली. "बिचारी जीव तोडून ओरडत होती, आणि मी तिला उकळत होतो." (शिट्टीची माफी मागितली. माझ्या पातेल्याचं नाव नाही.)

मग तालीम सुरू झाली. हे वाजवायचे, मी समोर बसून हातानं दाखवायची. स्वर चढला की हात वर, उतरला की खाली, फाटला की मूठ. पंधरा दिवसांत मला तो सगळा खेळ पाठ झाला. नुसत्या बोटांवरून कळायला लागलं की आता आवाज कुठं जाणार.

समारंभाला मी पाहुण्यांत पुढेच उभी राहिले, हात पोटाशी धरून, यांना दिसेल असा. कॅप्टन विंटरबोर्न शिडीशी आले. यांनी शिट्टी ओठांना लावली, गाल फुगले, बोटं उघडमीट करू लागली, आणि माझा हात वर गेला. (शेजारी एक म्हातारे ॲडमिरल होते. त्यांना वाटलं मी त्यांना खुणावते आहे. त्यांनी टोपी उचलली.) वन्सं, काय सांगू तुम्हाला! टाचणी पडली असती तर ऐकू आली असती. तिथल्या एकाही माणसानं असं काही आयुष्यात अनुभवलं नसेल. सगळे सलामीत, आणि कॅप्टनच्या डोळ्यांत पाणी. शेवटी यांची बोटं उचलली गेली तसा माझा हातही वर, अगदी डोक्याच्या वर. परतीच्या बोटीत यांनी एकच विचारलं, "शेवट चढला ना गं?" मी म्हटलं, "चढला." तेव्हापासून हे खुशीत आहेत. काल तर मिसेस ग्रिगला स्वतःहून नमस्कार केला.

गुडघ्यांना जपा. थंडीत बाहेर पडू नका.

तुमची भावजय,
हेस्टर पेनफोल्ड

ता. क. हा चिटोरा वेगळा आहे. वरची पानं वाचून, "बरं लिहिलंयस" म्हणून हे मांजराला घेऊन बागेत गेले, मग मी तो आत सरकवला. वाचून शेगडीत टाका. त्या दिवशी शिट्टी वाजलीच नाही. सकाळी तीनतीनदा पॉलिश लावून यांनी ती लखलखीत केली होती, त्याचा लगदा भोकात सुकून बसला. नुसती हवा, आवाज शून्य. माझा हात मध्येच अडखळला, मग यांच्या बोटांकडे बघत मी तो चालू ठेवला. कुणी हसलं नाही. एक तरणा खलाशी चुळबुळला, त्याला त्याच्या वरिष्ठानं नजरेनंच गाडला. यांचे गाल खाली बसेपर्यंत कॅप्टननी सलामी सोडली नाही. मग जवळ येऊन म्हणाले, "पेनफोल्ड, अशी शिट्टी मी कधीच ऐकली नव्हती." खोटं बोलायचे नाहीत ते कधी. घरी आल्यावर मी केसांच्या पिनेनं लगदा काढला आणि गप्प बसले.

ता. क. दुसरा. खरं काम हे की, हे स्वतः तुम्हाला पत्र घालून विचारणार आहेत, "हेस्टरनं माझ्या शिट्टीबद्दल काय लिहिलं?" तुम्ही कळवा की सूर अन् सूर स्पष्ट होता असं लिहिलंय. आणि ते अगदीच खोटं नाही, वन्सं. डेकवरच्या कुणाला आली नसेल, पण मला ती शिट्टी पहिल्यापासून शेवटपर्यंत ऐकू आली, मी शपथेवर सांगेन. आता याला प्रेम म्हणायचं की म्हातारचळ, ते तुम्ही ठरवा. उत्तरात मात्र लिहू नका. तुमची पत्रं आधी हेच फोडतात.