आढाव्यातलं आमचं बेट

ऑस्लो, ४ ऑक्टोबर १९९७

ती. गुडवेगमावशीस,
तोरुनचा सा. न. वि. वि.

तुझा सुका मासा पोचला. घरमालकीण खिडक्या उघडून बसली आहे, म्हणजे माल चांगला आहे.

आमच्या संरक्षण खात्यात आढावा पुन्हा सुरू झालाय. कुठला लष्करी तळ ठेवायचा, कुठला बंद करायचा, ते यात ठरतं. उत्तर किनाऱ्याची पानं माझ्याकडे आली आणि त्यात आपल्या स्टाइनवेरचाही तळ आहे. मी साहेबांना सांगितलं की आईमागे मला वाढवणारी मावशी तिथे शिकवते, आणि तळावरची मुलं गेली तर तिची शाळा राहणार नाही. ते हसून म्हणाले की या देशात प्रत्येकाची एखादी मावशी कुठल्यातरी बेटावर असतेच. तरी मी ते काम सोडलं. आता सैनिकांच्या हिवाळी कपड्यांवर लिहिते. स्टाइनवेर ज्याच्याकडे गेलं, तो कधी होडीत बसलेला नाही. माझं चुकलं का गं?

तुझ्या मायेवर वाढलेली,
तोरुन

स्टाइनवेर, १९ ऑक्टोबर

चि. तोरुन हिस अनेक आशीर्वाद.

चुकलं नाही. लहानपणी केक कापायची पाळी तुझी असली की सगळ्यात लहान तुकडा स्वतःला घ्यायचीस, आणि मग कोपऱ्यात जाऊन रडायचीस. त्यातलं रडणं तेवढं सोड.

गावात मात्र बोलणी चालू आहेत. दुकानदार हाल्वार सगळ्यांसमोर म्हणाला की आपली पोरगी नेमकी त्या टेबलाशी बसली होती, ती उठून मोजे मोजायला गेली. मी म्हटलं, शेजारच्या बेटावर सामन्यात त्यांच्याच मास्तरांनी पंच होऊन शिट्टी वाजवली, तेव्हा सगळ्यात जास्त तूच ओरडला होतास. त्याने कॉफी दिली, साखर दिली नाही.

आढाव्यावर कुणीही मत कळवू शकतं, तसं मीही कळवलं. शाळेबद्दल लिहिलं. पण शाळा चालावी म्हणून तोफा ठेवा, असं काही लिहिता आलं नाही.

जेवत जा.
मावशी

ऑस्लो, १२ मार्च १९९८

ती. मावशीस सा. न.

रेडिओवर ऐकलंच असशील. उन्हाळ्यात तळ हलणार. ती पानं मी पुन्हापुन्हा वाचली. त्यात खोटं काही सापडलं नाही, तेच जास्त लागलं. मी तिथे असते तर एखादं वाक्य नक्की सौम्य केलं असतं. म्हणूनच मी तिथे नको होते, हे कळतं. पण तुझी शाळा गेली.

सगळं गाव टोचत असताना तू मला एकदाही विचारलं नाहीस, की आत काय चाललंय. त्याचे उपकार कसे मानावेत, कळत नाही. रागावली असलीस तर तसं लिही.

तोरुन

स्टाइनवेर, २० जून

चि. तोरुन, आशीर्वाद.

उत्तराला उशीर झाला. आधी शाळा नीट संपवायची होती. काल कुलूप लागलं. तळावरच्या बायकांनी वॅफल केली, मुलांनी भिंतीवरची आपापली चित्रं उतरवून नेली. मी रडले.

गावची उरलेली दोन मुलं आता शेजारच्या बेटावर शिकतील. तिथे मलाही अर्धवेळ बोलावलंय, म्हणजे रोज होडी. हाल्वारने आपला रबरी कोट दिला आणि तुझी चौकशी केली. मी म्हटलं, तूच विचार तिला. तो लाजला.

रागावू कशाला? तू तिथे बसून शाळा वाचवली असतीस, तर रोज घंटा वाजवताना माझ्या मनात शंका आली असती. ती तू येऊ दिली नाहीस, बाळा. सुटीत ये. आता तुमच्या त्या टेबलावर आमचं काही उरलेलं नाही. मनात येईल ते बोलता येईल.

लोभ आहेच, तो असाच राहू दे.
तुझी,
मावशी