मावशीच्या मुलाखतीची मूळ प्रत

आज मंगळवार, दिनांक १८ नोव्हेंबर २०२५, सकाळचे साडेदहा. कॅमेरा पुसून पेटीत ठेवला आणि लिहायला बसलो. मी प्रफुल्ल डोमाजी भगत, वय २६, शिक्षण अकरावी नापास, धंदा लग्नाचं शूटिंग, राहणार आर्णी. गुरुवारी नागपूरला माझ्या हृदयाच्या झडपेचं ऑपरेशन आहे. डोकं ठिकाणावर आहे आणि हे कोणी सांगून लिहून घेतलेलं नाही.

१. घरातला माझा हिस्सा आणि बँकेतली शिल्लक आईला. मी गेलो तर पुण्यानुमोदनाला जेवण साधं ठेवावं. शूटिंग करू नये.

२. हे मृत्युपत्र मुख्यतः या कलमासाठी आहे. झरी जामणी तालुक्यातल्या एका गावच्या सरपंचाच्या निवडणुकीवर मी फिल्म केली. मेलेल्यांच्या नावानेही मतं पडली, अशी तक्रार होती. शाळेत खिचडी शिजवणारी एक मावशी बोलायला तयार झाली. अट एकच, तोंड दाखवायचं नाही. मी पाठीमागून शूट केलं. ती म्हणाली, "माह्या मेलेल्या नवऱ्यानं मत टाकलं म्हणते. शाळेपर्यंत आला, तं घरी पाणी प्याले काहून नाही आला?" माईक धरलेले हबीबचाचा हसले. तीही हसली, आणि मग पदर डोळ्यांना लावून बसली.

फिल्म माझा मित्र रवी याने जोडली. लग्नाच्या व्हिडिओत शेवटी आम्ही सगळ्यांची नावं सोडतो, नाहीतर मामा-आत्या रुसतात. त्याच सवयीने त्याने आभारात मावशीचं पूर्ण नाव टाकलं. यादी मीही वाचली होती. नावं शुद्ध आहेत ना, एवढंच पाहिलं. गावात फिल्म दाखवली तेव्हा पडद्यावर ते नाव मोठ्या अक्षरांत आलं, भोवती फुलं उडत होती. महिन्याभरात तिचं काम गेलं. किराणावाला उधार देईना. ती लेकीकडे निघून गेली.

त्या निवडणुकीत हरलेल्या बाईंचा अर्ज कोर्टात आहे. त्यांना मुलाखतीचं कॅमेऱ्यातलं मूळ मेमरी कार्ड हवं आहे. त्यात सुरुवातीला मावशी वळून विचारते, "सुरू झालं का रे बाबू?" तिचा चेहरा तेवढ्यातच दिसतो. हे कार्ड मावशीला द्यावं. तिने कोर्टात द्यावं, ठेवावं की चुलीत घालावं, हे तिनेच ठरवावं. दुसरी प्रत मी पुसली आहे.

तिचं नाव इथे लिहिणार नाही. वकील म्हणाले, नावाशिवाय कलम टिकणार नाही. न टिको. हबीबचाचांना तिचं दार माहीत आहे. या मृत्युपत्राचे व्यवस्थापक तेच.

३. माझी मोटारसायकल रवीला. तो दोनदा दारात येऊन म्हणाला, "पफ्या, शिव्या दे, पण बोल ना बे." दोन्ही वेळा मी दार लोटून घेतलं. त्याने चाचांना मागे बसवून मावशीकडे न्यावं. स्वतः बाहेर उभं राहावं. तिने बोलावलं तरच आत जावं.

४. कॅमेरा विकून पैसे मावशीला.

ठिकाण आर्णी.
सही: प्रफुल्ल डोमाजी भगत
समक्ष सह्या: देवीलाल राठोड, विमलताई कांबळे

हिशेब
फिल्मचा खर्च ६१,०००. सगळा माझा, फिटला.
देणं: मावशीचा बुडालेला पगार, सोळा महिने, दरमहा २,५००, एकूण ४०,०००. उन्हाळ्याच्या सुट्टीत हा पगार मिळत नाही, तरी ते महिनेही धरले आहेत.
कॅमेऱ्याचे येतील ३०,०००.
उरलेले दहा हजार रवीने द्यावेत. तो नाही म्हणणार नाही.