आणखी एक स्मरणपत्र

अहो,

मंगळवार, ११ मार्च, सकाळी नऊ वाजून चाळीस मिनिटं. रुग्णवाहिका आपल्या गल्लीच्या तोंडाशी अडकली होती, कारण फर्निचरवाल्याने निम्म्या रस्त्यावर सोफे मांडले होते. तुम्हाला चादरीत उचलून न्यावं लागलं. सोफ्यांपाशीच तुम्ही गेलात.

मी कधीची म्हणत होते, नगरपालिका हलणार नाही, सरळ हायकोर्टात रिट याचिका करू. तुमचं आपलं एकच, "अगं, आणखी एक स्मरणपत्र पाठवू." मसुदा मी लिहायचा आणि तुम्ही त्यातलं 'निर्लज्ज' खोडून 'माननीय' घालायचं. वर मलाच सुनवायचं, "कॉन्व्हेंटवाल्या बाई, अधिकारी आहे तो, तुमच्या वर्गातलं कार्टं नव्हे!"

शेवटी याचिका मी एकटीने केली. वकील म्हणाले, "बाई, 'निर्लज्ज' काढा." मी म्हटलं, "खोडणारा माणूस गेला." न्यायाधीशांनी अधिकाऱ्याला विचारलं, स्वतःचं काम करायला तुम्हाला कोर्टाचा आदेश कशाला लागतो? आणि अतिक्रमण हटवायला मुदत घालून दिली.

आज सोफे गेले. गल्ली एवढी रुंद आहे, हे मी विसरूनच गेले होते. दोन रुग्णवाहिका शेजारी शेजारी मावतील. पण आता या घरातून न्यायचं कोणाला?

या पत्रातलं काहीच कोणी खोडलेलं नाही. वाचा, हवं ते खोडा. येत्या मंगळवारी सकाळी नऊ चाळीसच्या आत मला लेखी उत्तर हवं आहे.

तुमची,
कॉन्व्हेंटवाली