सरावाची फाइल

३ जून
आज मनोरुग्णालयाच्या रेकॉर्ड रूममध्ये रुजू झाले. तीन भिंतींना फायली, चौथीला खिडकी आणि खिडकीशी माझं टेबल. राहायला आवारातच खोली मिळाली. दोन खाटा मावतात, मोजून पाहिलं. महिनाअखेर दादाकडून चिमणीला घेऊन येणार. आठ वर्षांच्या लेकीला मामाकडे ठेवायचं तरी किती दिवस? उगाचच हसू येतंय आज.

४ जून
हेडक्लार्क मोठ्या बाई कामाला वाघ आहेत. वॉर्डातल्या नोंदी ठरलेल्या शब्दांत उतरवायच्या. पेशंट रडला तर 'उदास', रडला नाही तर 'भावनाशून्य', मी आजारी नाही म्हणाला तर 'आजाराची जाणीव नाही'. खोडायचं काही नाही, फक्त पुढे लिहायचं. इथला प्रत्येक नवा कारकून सरावाला स्वतःच्याच नावाची फाइल भरतो म्हणे. मीही भरली. झोप कमी, कारण नसताना हसते, खाटा मोजते, लेकीचा ध्यास घेतलाय. वाचून आम्ही दोघी पोट धरधरून हसलो.

७ जून
फजिती झाली. सरावाची फाइल गठ्ठ्यातून डॉक्टरांकडे गेली आणि निदान, गोळ्या, सही सगळं होऊन परत आली. मोठ्या बाई म्हणाल्या, सही झालेली फाइल फाडता येत नाही, पण तुम्ही जाऊन सांगा, मिटेल. गेले. मी आजारी नाही, असं सांगितलं. डॉक्टर सज्जन माणूस, सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि एक ओळ लिहिली. कोणती, ते न वाचताच कळलं.

१० जून
त्यांनी दादाला बोलावून घेतलं. त्याला पाहून जीव भांड्यात पडला. म्हटलं, अरे, ते सगळं मीच लिहिलंय. तो म्हणाला, हो गं, अक्षर तुझंच आहे. घटस्फोटानंतर तू धड जेवत नव्हतीस, हे आम्हीच आधी सांगायला हवं होतं. मग डोळे पुसत त्यानेही सही केली.

१५ जून
वॉर्डात आहे. गोळ्यांनी हात थरथरतो. ती थरथरही फायलीत गेली, लक्षण म्हणून. मोठ्या बाई आता मला अगं-तुगं करतात, लहान मुलाला समजवावं तसं.

१९ जून
ओरडले — 'आक्रमक'. दोन दिवस गप्प बसले — 'एकलकोंडी'. शेवटी हात टेकले. म्हटलं, हो, मी आजारी आहे. डॉक्टरांचा चेहरा खुलला. औषध लागू पडतंय म्हणाले, वाढवू या.

२४ जून
खरंच असेन का? फाइल इतकी व्यवस्थित आहे — मलाच पटायला लागलीय. भीती वाटते. फार भीती वाटते.

३० जून
दादाने चिमणीला भेटीला आणलं. गळ्यात पडून रडली. आई बरी आहे, तिला घरी न्या, म्हणत राहिली. मला बाहेर बाकावर बसवलं, तिला आत ठेवून घेतलं. दार उघडं आहे — डॉक्टर गोड बोलतायत. झोप लागते का? मनातल्या मनात आईशी बोलतेस का? हो म्हणाली. माझी पोर हो म्हणाली —

फॉर्मवर रकाना असतो, कुटुंबात आणखी कोणाला —

मोठ्या बाईंनी कोरी फाइल काढली. नाव विचारतायत. मी ओरडले तर तेही तिच्याच फायलीत — चिमणे, रडू नकोस. गप्प बसू नकोस. हो म्हणू नकोस, नाही म्हणू नकोस, बाळा, तू फक्त